फुंकर आणि निवाडा

लहान मूल धावता धावता पडले, की आपल्या घरांतून कोणीतरी वडीलधारे माणूस चटकन म्हणते, “काही नाही झालं हं, मुंगी मेली बघ!” रडू फुटण्याच्या बेतात असलेले मूल क्षणभर थबकते, जमिनीकडे पाहू लागते, आणि तेवढ्यात दुखणे निम्मे ओसरते. इंदुरात आजीने हे वाक्य आम्हांला ऐकवले, आम्ही ते मुलांना ऐकवले. काही वर्षांपूर्वी जर्मनीत माइन्त्स शहरी मुलीकडे राहण्याचा योग आला, तेव्हा नातीलाही तेच ऐकवले. पायरीवरून घसरून तिचा गुडघा खरचटला होता. माझे वाक्य पुरे होते न होते तोच शेजारच्या आजीबाई लगबगीने पुढे आल्या आणि तिच्या गुडघ्यावर हात फिरवीत एक गाणे गुणगुणू लागल्या. चाल अगदी साधी, अंगाईच्या जवळची. नात गप्प झाली. आजीबाईंचे डोळे मात्र भरून आले होते.

खरचटलेल्या गुडघ्यासाठी एवढे पाणी कशाला, असे मनात आले. मुलीला विचारले, तेव्हा तिने सांगितले की, हे गाणे ह्या गावात घरोघरी आईच्या तोंडी असते. परंतु गावच्या म्हाताऱ्या माणसांना ते म्हणताना आई आठवत नाही, एर्न्स्ट नेगर आठवतो.

हे नाव आपल्याकडे फारसे कोणी ऐकले असण्याचा संभव नाही. जर्मनीत मात्र एक पिढी अशी होती, की कार्निव्हलचे दिवस आले म्हणजे ती ह्या माणसाला पडद्यावर पाहण्यासाठी दूरचित्रवाणीच्या पेटीपुढे बसे. नेगर जन्मला माइन्त्समध्येच, १४ जानेवारी १९०९ रोजी. आणि वारलाही तेथेच, १५ जानेवारी १९८९ रोजी, म्हणजे ऐंशीवा वाढदिवस उलटून एकच दिवस झाला असता. धंद्याने तो गवई नव्हता. आपल्या माळव्यात पावसाळ्यापूर्वी जुन्या घरांची कवेलू फेरून देणारी माणसे असत. नेगरचा व्यवसाय त्याच जातीचा, घरांची छपरे घालण्याचा होता. त्या कामातला तो रीतसर ‘माइस्टर’, म्हणजे परीक्षा देऊन उस्ताद ठरलेला कारागीर होता. गाण्याने नाव मिळाल्यावरही लोक त्याला ‘गाणारा छप्परवाला’ ह्याच बिरुदाने ओळखत राहिले, आणि त्यात त्याला काही उणेपणा वाटला असे दिसत नाही.

ज्यांनी रंगपंचमीला राजवाड्यापुढून जाणारी गेर पाहिली आहे, त्यांना माइन्त्सच्या कार्निव्हलमधील सोमवारच्या मिरवणुकीची कल्पना सहज येईल. ख्रिस्ती लोकांचे ईस्टरपूर्वीचे उपासाचे दिवस लागण्याआधी पोटभर खाऊनपिऊन, हसून घ्यावे, हा त्या सणाचा मूळ हेतू. ऱ्हाइन नदीकाठच्या गावांनी त्याला आणखी एक वळण दिले. माइन्त्सची कार्निव्हल-मंडळी १८३८ सालापासून संघटित आहे. त्या काळी शहर म्हणजे प्रशियन आणि ऑस्ट्रियन फौजांचा तळ होता. तेव्हा सैनिकी गणवेश चढवून सैनिकांचीच नक्कल करावी, अकरा शहाण्यांचे मंडळ व्यासपीठावर बसवून राज्यकारभाराचे सोंग आणावे, आणि एकेका वक्त्याने पिंपाच्या आकाराच्या चौथऱ्यात उभे राहून यमकबद्ध भाषणात सत्ताधाऱ्यांचे वाभाडे काढावे, अशी प्रथा पडली. अकरा हा विदूषकांचा आकडा. म्हणून अकराव्या महिन्याच्या अकराव्या तारखेला, अकरा वाजून अकरा मिनिटांनी ह्या मोसमाची नांदी होते. ह्या बैठकांत टोमण्यांच्या भाषणांइतकाच मान गाण्यांना असतो. आणि सर्व गाडा चालतो तो गावच्या बोलीत.

बोलीचा मुद्दा येथेच सांगून टाकतो, कारण नेगर मला आवडला तो प्रथम त्यामुळे. पुण्यामुंबईकडचे पाहुणे आपल्या माळवी वळणाच्या मराठीला हसतात, हा अनुभव आपल्यापैकी प्रत्येकाच्या गाठीला आहे. त्यांच्यासमोर बोलताना आपण जीभ सावरून घेतो, आणि पाहुणे गेले की पुन्हा मोकळे होतो. जर्मनीतही प्रमाण भाषेचा दरारा कमी नाही. असे असता माइन्त्सचा हा कारागीर साऱ्या देशापुढे उभा राहिला, आणि घरी जेवताना ज्या भाषेत बोले तिच्यातच गायिला. तिचे खडे त्याने वेचून काढले नाहीत. देशानेही ती भाषा निमूटपणे ऐकली, एवढेच नव्हे तर पाठ केली. मोठ्या शहरांची तोंडे पाहून आपली बोली गिळणाऱ्या लोकांनी ह्या एका गोष्टीसाठी तरी नेगरला नमस्कार करावा.

आता त्या गाण्याकडे वळू. ‘हायले, हायले गेन्स्ये’ हे त्याचे नाव. त्यातले मूळ बालगीत पिढीजात आहे. पडलेल्या मुलाला हंसाचे पिल्लू मानून त्याची समजूत काढायची, मांजरीच्या शेपटीची काहीतरी गंमत सांगायची, दुखणे आता जाईल म्हणायचे आणि शेवटी शंभर वर्षांनी ह्या सगळ्याचा मागमूसही राहायचा नाही असा दिलासा द्यायचा, एवढाच त्याचा मजकूर. मार्टिन मुंडो नावाच्या माइन्त्सच्या कार्निव्हल-कवीने ह्या बालगीताला जोडून मोठ्या माणसांसाठी कडवी रचली. आयुष्यातल्या बारीकसारीक फजित्यांवर मोठ्यांनाही कोणी आईसारखी फुंकर घालावी, हा त्यातला गोडवा. मुंडो १९४१ साली वारला. आपल्या गाण्याच्या नशिबी पुढे काय लिहिलेले आहे, हे पाहायला तो उरला नाही.

२७ फेब्रुवारी १९४५ रोजी दुपारी ब्रिटिश विमानांनी माइन्त्सवर बाँब टाकले. त्या एका दिवसात सुमारे १,२०० माणसे मेली. युद्ध संपले तेव्हा शहराच्या जुन्या भागाचा बहुतेक हिस्सा दगडमातीच्या ढिगात जमा झाला होता. गुटेनबर्गचे हे गाव. युरोपात खिळ्यांनी पुस्तके छापण्याची विद्या येथून निघाली. त्या गावात पुस्तक ठेवायला फळी आणि फळी ठोकायला भिंत मिळणे मुश्किल झाले. अशा गावात नेगर छपरे घालण्याचा धंदा करीत होता. ह्या योगायोगावर अलंकार चढवण्याची गरज नाही; माझ्या शेजारच्या आजीबाईंच्या दृष्टीने तो योगायोग नव्हताच. तेव्हा त्या चारपाच वर्षांच्या होत्या. आकाश दिसणाऱ्या खोलीत निजल्याचे त्यांना आठवते. छप्पर घालून देणारा माणूस त्या काळी त्यांना देवदूतासारखा वाटे, असे त्यांनी मला मुलीमार्फत सांगितले.

१९५२ साली नेगरने कार्निव्हलच्या बैठकीत मुंडोचे ते जुने गाणे म्हटले, ते नव्या कडव्यासह. आपण देव असतो तर काय केले असते, अशी कल्पना त्या कडव्यात आहे. मोडूनतोडून पडलेल्या माइन्त्सला त्याने उचलून कुशीत घेतले असते, हलकेच थोपटले असते, थोडा धीर धर म्हटले असते आणि त्याला पुन्हा पूर्वीसारखे देखणे केले असते. आणि मग पाठोपाठ येते ते गुडघा फुटलेल्या मुलाचे बालगीत. विदूषकी टोप्या घालून हसायला जमलेली माणसे हे ऐकता ऐकता रडू लागली. ज्यांची पोरे ढिगाखाली गेली होती, नवरे रशियातून परतले नव्हते, ती माणसे सात वर्षे घर उभारण्याच्या घाईत होती. रडायला त्यांना सवड मिळाली नव्हती. ती एका गाणाऱ्या कारागिराने त्यांना मिळवून दिली, आणि तीही हसण्याच्या जागी. संगीताचे मोठमोठे जलसे मी ऐकले आहेत. पण एखाद्या गाण्याने अख्ख्या गावाच्या उपयोगी पडावे, असे उदाहरण मला क्वचितच आढळले.

येथवर माझे नेगरशी काहीच भांडण नाही. भांडण आहे ते त्या नव्या कडव्यातल्या एका शब्दाशी. देव झालेला गायक शहराला थोपटताना आणखी एक गोष्ट सांगतो: तुझा ह्यात काहीच दोष नव्हता. ऐकताना तो शब्द कानांवरून निसटून जातो. सूर इतका मायेचा आहे की, आई मुलाला दुसरे काय म्हणणार असे वाटते. परंतु येथे फुंकर संपते आणि निवाडा सुरू होतो. फुंकर कोणीही घालावी, शेजाऱ्याने घालावी, वाटसरूनेही घालावी. निवाडा देण्याचा अधिकार मात्र ज्याचे नुकसान झाले त्याचा असतो. आणि माइन्त्समध्ये १९४५ पूर्वी ज्यांचे नुकसान झाले, त्यांच्यापैकी त्या बैठकीत कोण बसले होते?

माझ्या मुलीच्या घरापासून चालत जाण्याच्या अंतरावर शहराचे नवे सिनगॉग आहे. हिरव्या चकाकत्या फरशांनी मढवलेली, विलक्षण आकाराची ती इमारत २०१० साली उघडली. तिच्या पुढे जुन्या सिनगॉगचे दगडी खांब उभे आहेत. १९१२ साली बांधलेले ते भव्य मंदिर नोव्हेंबर १९३८ च्या रात्री जाळण्यात आले. ज्यू लोक माइन्त्समध्ये उपरे नव्हते. जवळजवळ हजार वर्षांपूर्वी ह्या गावची त्यांची विद्यापीठे साऱ्या युरोपात नावाजलेली होती. श्पायर, वोर्म्स आणि माइन्त्स ह्या तीन गावांतील त्यांच्या जुन्या वास्तू आणि दफनभूमी २०२१ साली युनेस्कोने जागतिक वारशात घेतल्या. अशा ह्या जुन्या रहिवाशांना मार्च १९४२ पासून गाड्यांत भरून पूर्वेकडे मरणाच्या दारी पाठवण्यात आले. म्हणजे बाँब पडण्याच्या तीन वर्षे आधीच शहराचा एक भाग उद्ध्वस्त झाला होता. फक्त त्या भागाची घरे शाबूत होती, माणसे नव्हती. त्यांच्यासाठी कोणी देव होण्याची कल्पना केली नाही, आणि त्यांना कोणी कुशीत घेतले नाही.

कार्निव्हलचे हातही अगदी स्वच्छ राहिले नव्हते. माइन्त्समध्ये झेप्पल ग्लुकर्टसारखे वक्ते त्या काळातही राजवटीला चिमटे काढीत होते आणि त्यासाठी धैर्य लागे, हे नाकारता येणार नाही. परंतु त्याच ऱ्हाइनच्या काठी कलोन शहरात १९३४ च्या मिरवणुकीत देश सोडून जाणाऱ्या ज्यूंची टवाळी करणारा देखावा फिरला, आणि बघे हसले. ज्या सणाचा बाणा सत्तेला हसण्याचा, तो सण दुबळ्याला हसू लागला. मग युद्धानंतर त्याच सणाच्या व्यासपीठावरून ‘दोष नव्हता’ हा शब्द यावा, ही गोष्ट साधी नाही.

ह्यावर आजीबाईंचे उत्तर मला ठाऊक आहे, कारण ते मी ऐकले. मुलीने माझे बोलणे थोडे मवाळ करून त्यांना सांगितले. त्या रागावल्या नाहीत. त्या म्हणाल्या की, आपण तेव्हा चार वर्षांच्या होतो. आपला दोष तो काय होता? आणि आईने आपल्याला कुशीत घेऊन हे गाणे म्हटले, तेव्हा तिने ज्यूंचा हिशेब आधी मांडायला हवा होता का? मी निरुत्तर झालो. चार वर्षांच्या मुलीचा दोष नव्हता, हे शंभर टक्के खरे आहे. तिला उद्देशून ते कडवे म्हटले असते, तर त्यातील एक अक्षरही खोटे ठरले नसते. कडवे म्हटले गेले ते शहराला उद्देशून. आणि शहर म्हणजे चार वर्षांची मुलगी नव्हे. शहरात ती मुलगी असते, तिचा बाप असतो, पोलीस असतो, गाडीचे वेळापत्रक आखणारा कारकून असतो, आणि शेजारी रिकामे झालेले घर स्वस्तात घेणाराही असतो. गाण्याने ह्या सर्वांना एकाच मुलाचे रूप दिले आणि एकाच मांडीवर घेतले. ज्याला थोपटायला हवे होते त्याला थोपटले, आणि ज्याला प्रश्न विचारायला हवे होते त्यालाही थोपटले.

पडद्याचे माहात्म्य येथून सुरू होते. बैठकीच्या दिवाणखान्यात नेगर गात होता तोवर ती घरची गोष्ट होती. श्रोत्यांतील निम्मी माणसे त्याच्या ओळखीची असतील. कोणाचे छप्पर त्याने घातलेले असेल, कोणाचे पैसे यायचे राहिले असतील. कोण कशासाठी रडतो आहे आणि कोणी रडण्याआधी मान खाली घालायला हवी आहे, हे अशा ठिकाणी न बोलता सर्वांना कळत असते. १९५५ साली माइन्त्सच्या बैठकीचे दूरचित्रवाणीवरून देशभर प्रक्षेपण सुरू झाले. पुढे १९६५ पासून दुसऱ्या प्रक्षेपण-संस्थेनेही आपली वेगळी बैठक दाखवण्यास आरंभ केला, आणि १९७३ पासून दोन्हींचा मिळून एकच कार्यक्रम होऊ लागला. मिरवणुकीच्या सोमवारापूर्वीच्या शुक्रवारी सारा देश तो पाहू लागला. पडद्यावर माइन्त्स हे एका गावाचे नाव राहिले नाही. हँबुर्गच्या माणसाने तेथे हँबुर्ग ऐकले, ड्रेस्डेन सोडून आलेल्याने ड्रेस्डेन ऐकले. शेजाऱ्याने शेजाऱ्याला घातलेली फुंकर, एका राष्ट्राने स्वतःलाच घातलेली फुंकर झाली. आणि त्या फुंकरीबरोबर तो निवाडाही घरोघर गेला. पडदा आवाज मोठा करतो. पण दिवाणखान्यात ज्या अर्धवट नजरा एकमेकींना भिडतात, त्या त्याला पकडता येत नाहीत.

१९६४ सालचा एक प्रसंग ह्या दृष्टीने मला विचार करण्यासारखा वाटतो. त्या वर्षीच्या बैठकीत नेगरने ‘हुंबा तेतेरे’ हे नवे गाणे म्हटले. ते टोनी हेमर्ले नावाच्या अंध संगीतकाराचे. हा हेमर्ले नेगरच्या साथीला पियानोवर बसे, आणि दोघांची जोडी लोकांच्या मनात अभंग होती. गाण्यात अर्थ म्हणाल तर बँडच्या आवाजाची नक्कल, बाकी काही नाही. लोकांना मात्र त्याचे इतके वेड लागले की, ते थांबेनात. ठरलेली वेळ उलटून गेली तरी सभागृह डोलतच राहिले. आजही जर्मनीत फुटबॉलचा सामना जिंकला, की खेळाडू आणि प्रेक्षक मिळून हा ‘हुंबा’ करतात, आणि ती प्रथाही माइन्त्सच्या मैदानावरून सुरू झाली. आता हा दिवस कोणता, ते पाहा. फेब्रुवारी १९६४. माइन्त्सपासून सुमारे चाळीस किलोमीटरवर फ्रँकफुर्ट शहरात त्याच वेळी आउश्वित्स छावणीच्या कर्मचाऱ्यांवरचा खटला चालू होता. तो २० डिसेंबर १९६३ रोजी सुरू झाला आणि ऑगस्ट १९६५ मध्ये संपला. म्हणजे आगगाडीने अर्ध्यापाऊण तासाच्या अंतरावर एका सभागृहात लोक हसण्यात दंग होते, आणि दुसऱ्या सभागृहात न्यायाधीशांपुढे मेलेल्यांचा हिशेब मांडला जात होता.

हे वाचून कोणी म्हणेल, हसणे बंद ठेवायला हवे होते काय? मुळीच नाही. मला असे म्हणावयाचे आहे की, त्या देशाला दोन्ही सभागृहांची गरज होती. नुसत्या फ्रँकफुर्टने माणसे जगली नसती, आणि नुसत्या माइन्त्सने ती सुधारली नसती. चूक झाली असेल ती एवढीच, की पहिल्या सभागृहाने दुसऱ्याचे काम आपण आधीच उरकून टाकले आहे, असा समज करून दिला. दोष नव्हता हे १९५२ साली गोड सुरात एकदा ठरून गेल्यावर, १९६३ साली खटला कशाला, असे विचारणारी माणसे त्या देशात पुष्कळ होती. त्यांतल्या कित्येकांनी नेगरचे गाणे ऐकून डोळे पुसले असतील. ते अश्रू खोटे होते असे मी म्हणणार नाही. माणूस आपल्यासाठी खरेखुरे रडतो आणि शेजाऱ्याला तितक्याच खरेपणाने विसरतो.

नेगर घराण्याचीच एक पुढची गोष्ट ह्या संदर्भात सांगण्याजोगी आहे. ‘नेगर’ ह्या आडनावाचा जर्मन भाषेत काळ्या वर्णाचा माणूस असाही अर्थ होतो, आणि आज तो शब्द अवमानकारक मानतात. घराण्याच्या धंद्याच्या जुन्या चिन्हात ह्या आडनावावर कोटी केलेली होती: जाड ओठांचे, व्यंगचित्री काळे माणूस, हातात छप्पर घालणाऱ्याचे हत्यार. २०१५ साली त्याविरुद्ध आवाज उठला आणि गावात मोठा वाद माजला. आडनाव हे काही कोणाचे कर्तृत्व नव्हे आणि त्यावरून कोणाला बोल लावणे अन्यायाचे, हे उघड आहे. परंतु चित्राच्या बचावासाठी पुढे झालेल्या गावकऱ्यांचे म्हणणे काय होते? वाईट हेतू नव्हता, वर्षानुवर्षे हे असेच आहे, मग आमचा दोष तो काय? मला ते वाचताना ते १९५२ चे कडवे आठवले. हेतू वाईट नसणे आणि कोणाला इजा न होणे, ह्या दोन निराळ्या गोष्टी आहेत. खरचटलेल्या माणसाला आधी विचारावे लागते, तुला लागले काय?

दुसऱ्याच्या घरातील केर दाखवताना आपल्या उंबरठ्याकडे पाहणे बरे. जर्मनीत जे घडले त्याची आणि आपल्या संस्थानी आयुष्याची तुलना मी करीत नाही; तशी तुलना करणे म्हणजे मेलेल्यांचा अपमान होय. तथापि फुंकरीला निवाडा चिकटवण्याची खोड आपल्यालाही आहे. आपल्या जुन्या मराठी घरांतील स्नेहसंमेलने आठवून पाहा. होळकरांच्या अमदानीतील इंदूर, ते गाणेबजावणे, त्या नाटक कंपन्या, ती मेजवान्यांची ताटे! बोलता बोलता आपले डोळे पाणावतात, आणि ते पाणीही खरेच असते. गेलेल्या वैभवाचे दुःख आपल्या वाडवडिलांनी सोसले आहे. परंतु त्या मेजवान्यांच्या वेळी अंगणाबाहेर कोण थांबवले जात होते, विहिरीच्या कोणत्या बाजूला कोणाला येता येत नव्हते, आणि नळाचे पाणी कोणाच्या वस्तीत शेवटी पोहोचले, हा विषय संमेलनात निघत नाही. निघालाच तर कोणीतरी चटकन म्हणते, तो काळच तसा होता, आपला काय दोष? सूर पुन्हा तोच मायेचा.

मग नेगरच्या गाण्याचे काय करावे? ते गाऊ नये, असे मी चुकूनही म्हणणार नाही. त्या आजीबाईंच्या तोंडून ते हिरावून घेणारा मी कोण? बालगीताचा भाग तर पृथ्वीच्या पाठीवर गुडघे फुटत राहतील तोवर गायिला जावो. नवे कडवेही गावे. एका मोडलेल्या गावाने १९५२ साली स्वतःची समजूत कशी काढली, ह्याचा तो अस्सल दाखला आहे, आणि तो गाळून टाकणे म्हणजे आणखी एक गोष्ट विसरणे होईल. मला एवढेच वाटते की, दोषाचा तो शब्द येईल तेथे गाणाऱ्याने आणि ऐकणाऱ्याने मनातल्या मनात थोडे अडखळावे. न अडखळता जे म्हणता येते ते अंगाईगीत. हे गाणे अंगाईगीताच्या चालीवर आहे; पण ते मोठ्या माणसांसाठी आहे, आणि मोठ्या माणसांना झोपवणे हे गाण्याचे काम नव्हे.

आणखी एक गोष्ट. बालगीताने दिलेला शंभर वर्षांचा दिलासा खरचटलेल्या गुडघ्याला शोभतो. शंभर वर्षांनी गुडघाच उरत नाही, तर दुखणार काय? १९३८ ला शंभर वर्षे व्हायला आता फार अवकाश नाही, १९४५ लाही नाही. तेव्हा ह्या गावात त्या काळातले कोणी जिवंत नसेल. दुखणे सोसलेले गेले म्हणजे दुखणे गेले, असे ज्यांना म्हणायचे असेल त्यांना तो मुहूर्त सोयीचा आहे. म्हणूनच सिनगॉगपुढचे ते जुने खांब तेथे उभे करून ठेवणाऱ्यांचे मला कौतुक वाटते. त्यांनी गावाला रडवले नाही, शिव्या दिल्या नाहीत. नुसते खांब उभे केले. पुढच्या रस्त्याने शाळेत जाणारी मुले रोज त्यांच्याकडे पाहतात, आणि त्यांतले एखादे विचारते, की हे काय आहे?

नातीचे सांगायचे राहिले. आजीबाईंचे गाणे संपल्यावर तिने डोळे पुसले, खाली वाकली आणि पायरीवर काहीतरी शोधू लागली. “काय शोधतेस गं?” मी विचारले. ती म्हणाली, “आजोबा, ती मेलेली मुंगी कुठे आहे?” इतकी वर्षे आम्ही हे वाक्य मुलांना ऐकवीत आलो, आपले दुखणे विसरायला आपण दुसऱ्या कोणाचे तरी मरण हसत हसत पुढे करतो, हे माझ्या तोवर कधी ध्यानात आले नव्हते. मी म्हणालो, “असं नुसतं म्हणायचं असतं.” तिचे समाधान झाले नाही. तिने आणखी थोडा वेळ शोधले. मीही तिच्याबरोबर खाली बसून पाहू लागलो.